काळावर सत्ता असलेला मणी मुठीत नको, घटीपात्रात टाका

प्रश्न थोडक्यात असा आहे. चाळीसगाव-धुळ्याकडे घडणारी एक कल्पनाकथा लिहायची आहे. विहीर खणताना नायिकेला एक मणी सापडतो. तो मुठीत आवळला की जग थांबतं. पहिल्याच वाचकाने विचारलं, “मग बाप मरायच्या आधी का नाही आवळला?” आणि कथा तिथेच अडली. तर मण्याला नियम कसे लावायचे, खडा कोणता घ्यायचा आणि तो किती वेळा चालू द्यायचा?

आधी मुठीचं बघू, कारण सगळा घोळ तिथेच आहे. जग पूर्ण थांबलं तर हवाही थांबली. नायिकेला श्वास घेता येणार नाही, हात हलवला तर हवा बाजूला सरणार नाही. म्हणून लेखक पळवाट काढतात की जग थांबत नाही, मंद होतं. समजा साठपट मंद केलं, म्हणजे तिची एक घटी (चोवीस मिनिटं) आणि जगाचं एक पळ (चोवीस सेकंद). ती ताशी पाच किलोमीटरने चालली तरी गल्लीतल्या हवेच्या लेखी तो ताशी तीनशेचा वेग झाला. अंगावरचा पदर राहणार नाही. माणसाचा दोनशे हर्ट्झचा आवाज तिच्या कानाला तीन-साडेतीन हर्ट्झ होईल, म्हणजे ऐकूच येणार नाही. आणि उजेड? डोळ्याला दिसणारा प्रकाश तितकाच ताणला गेला की अवरक्त होतो. थोडक्यात, ती भर दुपारी मिट्ट काळोखात, बहिरी होऊन, वादळात चालते आहे. हे सगळं कथेत मांडायची तयारी असेल तर मूठ ठेवा. नसेल तर मणी घटीपात्रात टाका, म्हणजे तळाला बारीक भोक असलेल्या, पाण्यावर तरंगत भरत जाऊन ठरल्या वेळी बुडणाऱ्या भांड्यात.

हे भांडं खानदेशात शोधायला लांब जावं लागत नाही. चाळीसगावजवळच्या पाटण्याला, म्हणजे पाटणादेवीच्या परिसरात, भास्कराचार्यांच्या नातवाचा, चांगदेवाचा, शिलालेख सापडला. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी काढलेल्या मठाला १२०७ मध्ये दिलेल्या दानाचा तो लेख. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो उजेडात आणला. त्याचा काही भाग जुन्या मराठीत आहे आणि त्यात बाजारातल्या मालावरचा कोणता हिस्सा मठाला द्यायचा हे लिहिलं आहे. तुमचा मणी सातशे-आठशे वर्षं कुठे होता, याचं उत्तर हवं असेल तर हा मठ आयता आहे. भास्कराचार्यांच्या मुलीची गोष्ट सगळ्यांना ठाऊक असते. लीलावतीच्या लग्नाचा मुहूर्त गाठायला घटीपात्र पाण्यावर सोडलं होतं. ती वाकून बघायला गेली, अंगावरचा एक मोती निसटून पात्रात पडला आणि भोकावर बसला. पात्र बुडलंच नाही आणि मुहूर्त टळला. ही गोष्ट भास्कराचार्यांच्या ग्रंथात नाही. अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ मध्ये ‘लीलावती’चं फारसी भाषांतर केलं, त्याच्या प्रस्तावनेत ती येते. गंमत म्हणजे चारच वर्षांनी, १५९१ मध्ये, हाच फैजी अकबराचा वकील म्हणून खानदेशच्या फारुकी दरबारात बऱ्हाणपूरला आला. गोष्ट आधी लिहिली आणि मुलूख नंतर पाहिला. या चार वर्षांत तुमच्या कथेला शिरायला भरपूर जागा आहे.

आता त्या मोत्याने नेमकं काय केलं ते नीट बघा. सूर्य थांबला नाही, वऱ्हाडी थांबले नाहीत, लाडू शिळे व्हायचे थांबले नाहीत. थांबलं ते फक्त मोजणारं भांडं. पण ज्यांनी त्या भांड्यावर भरवसा ठेवला होता, त्यांच्यासाठी वेळ पुढे सरकली नाही, आणि नंतर कळलं तेव्हा ती निघून गेली होती. तुमच्या मण्याचा मूळ नियम यातूनच घ्या: घटीपात्राने वेळ मोजायला जे कबूल झाले, मण्याची सत्ता फक्त त्यांच्यावर. पात्र अडलेलं असेपर्यंत त्या माणसांना भूक लागत नाही, थकवा येत नाही, ताप चढत नाही आणि उतरतही नाही. ती चालतात, बोलतात, काम करतात. सूर्य, पाणी, पीक, गुरं यांना कोणी विचारलेलं नसतं, त्यामुळे ती आपल्या चालीने चालतात. हवेचा आणि उजेडाचा प्रश्न एका फटक्यात सुटला. बापाचाही सुटला. मरण लांबवता येतं, पण दुखणं आहे तिथेच राहतं, आणि मुळात बापाने पात्रापुढे बसून कबूल व्हायला हवं. खाटेवर बेशुद्ध पडलेला माणूस कशाला कबूल होणार?

लिहायला बसण्याआधी घटीपात्र एकदा स्वतः करून बघा. खर्च चहाच्या कपाएवढा आणि त्याशिवाय प्रसंग खरा उतरत नाही. साठ ग्रॅमच्या आसपासची, उभ्या कडेची स्टीलची वाटी घ्या. तोंड आठ सेंटीमीटर, उंची चार. तळाच्या बरोबर मध्ये एक मिलिमीटरचं भोक पाडा आणि आतली कड बारीक कानशीने साफ करा. बादलीत पाणी वाटीच्या उंचीच्या निदान दुप्पट हवं. वाटी अलगद सोडली की बाहेरचं पाणी आतल्या पाण्यापेक्षा सुमारे बारा मिलिमीटर वर राहतं आणि हा फरक वाटी बुडेपर्यंत जवळपास तेवढाच टिकतो. म्हणून धार शेवटपर्यंत एकसारखी येते. अशी वाटी साधारण दहा मिनिटांत बुडते.

पहिल्यांदा करणाऱ्याची फजिती इथेच होते. वाटी सोडली, भोकातून पाणी आलंच नाही. पाण्याचा पृष्ठताण एवढ्या बारीक भोकावर पडदा धरतो आणि बारा मिलिमीटरचा दाब तो फोडू शकत नाही. भोकावर आतल्या बाजूने दोन थेंब पाणी टाका, पडदा मोडतो आणि बारीक कारंजं सुरू होतं. तेलकट वाटी असेल तर हा त्रास जास्त. दुसरी अडचण बोअरच्या जड पाण्याची. चार-आठ दिवसांत भोकाला क्षार धरतात, भोक अरुंद होतं आणि वाटी दहाऐवजी बारा मिनिटं घेऊ लागते. कोणी मणी टाकलेला नसतानाही. संशयकथेसाठी याहून चांगलं काय पाहिजे? लिंबाची फोड फिरवली की भोक मोकळं होतं.

वाटी बरोबर चोवीस मिनिटांची करण्याच्या नादी लागू नका. जुन्या ग्रंथांत दहा पल (हे पल वजनाचं) तांबं, सहा अंगुळं उंची, बारा अंगुळं रुंदी, सोन्याच्या सुईने पाडलेलं भोक असं माप दिलं आहे. भास्कराचार्यांनी या मापाला काही युक्ती नाही आणि ते घडवणंही अवघड, म्हणून ते बाजूला ठेवलं. त्यांचा मार्ग सरळ आहे: कसंही पात्र घ्या, अहोरात्रात ते किती वेळा बुडतं ते मोजा आणि साठ घटींना त्या संख्येने भागा. तुमची दहा मिनिटांची वाटी अहोरात्रात १४४ वेळा बुडते. हा आकडा पक्का लक्षात ठेवा, पुढे चोर याच आकड्यावर सापडणार आहे.

वाटी बुडते तो क्षण जवळून बघा. पाणी काठाला येतं, क्षणभर काठावर फुगून थांबतं, मग एका बाजूने आत घुसतं. ‘गुळुक्’ होतं आणि तळाला ‘टक्’. मराठीत ‘घटका भरली’ म्हणतात ती ही. राखणारा हात घालून वाटी काढतो, उपडी करतो, परत सोडतो. यात पाच सेकंद गेले तर १४४ वेळांचे बारा मिनिटं रोजचे गळतात, म्हणून जाणता माणूस दोन वाट्या ठेवतो. तुमच्या कथेत मणी पाण्यात जायची जागा हीच: वाटी उपडी करून परत सोडण्याच्या मधली ती पाच सेकंदं, सगळ्यांच्या समोर.

आता खडा. मोती घेऊ नका. मोती मऊ असतो, घामाने आणि आंबट पदार्थाने खराब होतो, आणि खानदेशच्या विहिरीत तो निघणार नाही. विहिरीत निघतो तो अपोफिलाइट. दख्खनचा काळा पाषाण सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. त्यात वायूच्या बुडबुड्यांची पोकळी राहिली आणि नंतर त्या पोकळ्यांत गरम पाण्याने स्फटिक वाढवले. जळगाव आणि सावदा परिसरातल्या खडीच्या खाणींतून निघालेले स्टिलबाइट, ह्यूलँडाइट, अपोफिलाइट जगभरच्या संग्रहांत आहेत. अपोफिलाइट पाण्यासारखा स्वच्छ किंवा फिकट हिरवा, चौकोनी आणि वर चौकोनी टोकाचा. आडवा फुटला की फुटलेल्या तोंडावर मोत्यासारखी चमक दिसते. म्हणजे सांगणाऱ्यांनी शेकडो वर्षं ‘मोती’ म्हटलं तो मोती नव्हताच, असं कथेत बिनधास्त म्हणता येतं.

खरा मुद्दा चमकेपलीकडे आहे. या खड्याच्या वजनातला जवळजवळ सोळा टक्के भाग पाणी असतं, स्फटिकाच्या रचनेतच बांधलेलं. ज्योतीत धरला की ते पाणी निघून जातं, खडा पांढरा पडतो आणि पापुद्रे सुटतात. ‘पान सुटणे’ अशा अर्थाच्या ग्रीक शब्दांवरून १८०६ मध्ये त्याला हे नाव मिळालं. पाणी धरून ठेवलेला दगड पाण्याच्या घड्याळात टाकायचा आहे, यापेक्षा नैसर्गिक जोड मिळणार नाही. काही जण सुचवतील की गारगोटी घ्या, क्वार्ट्झचं घड्याळ असतंच. खरं आहे, मनगटातल्या घड्याळातला क्वार्ट्झ सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो. पण तो वेळ इमानदारीने मोजतो, अडवत नाही. त्याला मण्याच्या विरुद्ध पक्षात ठेवा.

नायिकेने खडा ओळखायचा कसा, तेही खरंच द्या. पोलादी चाकूने ओरखडा उठला तर गारगोटी नाही. लिंबू पिळल्यावर बारीक बुडबुडे आले तर कॅल्साइट. ओरखडा उठतो पण लिंबाने फसफसत नाही, आणि आडव्या फुटीवर मोतिया चमक आहे, तर आपलाच. ही परीक्षा कोपऱ्यावर करावी, टोकावर नाही.

आणि सोनाराकडे अंगठीत बसवायचा प्रसंग लिहिणार असाल तर दोन चुका टाळा. जळगावचा कसबी कारागीर खडा जागेवर असताना डाक लावणार नाही, म्हणजे ज्योतीने सांधा जोडणार नाही. ज्योत जवळ आली की पापुद्रे सुटलेच. आणि अंगठीच्या चार नखांत पकडून दाबला की आडवा चिरतो. सगळीकडून कड असलेलं बंद कोंदण, आधी तयार केलेलं, थंड असताना हाताने दाबून बसवलेलं. ‘अंगठी उकळत्या पाण्यात साफ केली’ असंही वाक्य नको.

आता हिशेब. मणी तीन मिलिमीटरचा घन धरा. वजन सुमारे ६३ मिलिग्रॅम, कॅरटच्या एक तृतीयांशापेक्षा थोडं कमी. एवढासाच हवा, कारण तो वाटीच्या भोकावर बसायचा आहे. भोकातून पाणी खालून वर ढकलत असतं आणि मणी आपल्या वजनाने खाली दाबतो. आपल्या वाटीचे आकडे घातले तर तीन मिलिमीटरचा गोल मोती भोकावर बसून राहतो, दोन मिलिमीटरचा पाण्यात नाचतो. अपोफिलाइट मोत्यापेक्षा हलका. तीन बाय तीनचा चौकोनी तुकडा पाऊण मिलिमीटरपर्यंत पातळ झाला की पाणी त्याला उचलायला लागतं.

इथून किंमत आपोआप ठरते. प्रत्येक वापराला मण्याचा पाव मिलिमीटरचा एक पापुद्रा सुटतो. तीन मिलिमीटरने सुरुवात, आठ वापरांनंतर एक मिलिमीटर उरतो, नवव्यांदा तो अजून बसतो आणि त्यानंतर पाऊण होतो. दहाव्यांदा टाकला की पाण्यावर थरथरतो आणि वाटी आपली बुडते. शाप नाही, मंत्र नाही. पाणी त्याला उचलतं, एवढंच. वाचकाला हे आधी एकदा, भलत्याच निमित्ताने दाखवून ठेवा. घरातल्या लहान मुलाने वाटीत ज्वारीचा दाणा टाकला आणि तो कारंज्यावर नाचला, एवढं पुरतं.

कमाल मर्यादाही अशीच पाण्याने ठरवा. भोकाची कड कितीही घासली तरी थोडं झिरपतंच. दहा मिनिटांची वाटी मण्याने तासभर तरंगते, त्याहून जास्त नाही असं धरा. म्हणजे एका वापराला पन्नास मिनिटं मिळाली आणि नऊ वापरांचे साडेसात तास. कोणाला साडेसाती आठवली तर आठवू द्या.

साडेसात तास ऐकून लेखक हिरमुसतात. काळावर सत्ता आणि तीही अर्ध्या दिवसाची सुद्धा नाही? पण लीलावतीच्या मोत्याने किती मिनिटं अडवली, हे कोणी विचारतं का? वेळ अडवायची ती सांध्यावर, म्हणजे एक गोष्ट संपून दुसरी सुरू होते तिथे. खानदेशात असे सांधे किती तरी आहेत.

एक फडावरचा. पांझरेच्या काठाला फड बागायत जुनी. नदीवर बंधारा, बंधाऱ्यातून पाट, पाटाखाली फड म्हणजे शेतांचा गट, एका फडात सगळ्यांचं एकच पीक, आणि पाणी पाळीने. पाटकरी, जागल्या, हवालदार ही माणसं पाण्याच्या राखणीला आणि देखरेखीला गावाने नेमलेली. तुमच्या कथेत पाळी घटीपात्राने मोजतात असं ठेवा. रात्रीच्या तिसऱ्या प्रहरी जागल्याने वाटीत मणी सोडला. वाटी बुडत नाही म्हणून पाळी संपत नाही आणि पाटाचं पाणी पहिल्याच वावरात पन्नास मिनिटं जास्त वाहतं. इतकं तर साध्या खड्यानेही होईल, चोरीला जादू लागत नाही. जादूचा भाग पुढचा: त्या शेतात पाणी भरणारा माणूस त्या तासात दमत नाही, त्याचे पाय गारठत नाहीत, त्याला वेळ गेल्याचं अंगावरही कळत नाही. खोटी साक्ष द्यायची त्याला गरजच नाही, तो शपथेवर खरं सांगेल की दहाच मिनिटं झाली. उसाला मात्र तासाचं पाणी मिळालेलं असतं आणि शेवटच्या फडातल्या बाईच्या वाफ्याला तेवढंच कमी. सकाळी हवालदार खडे मोजतो, प्रत्येक बुडीला एक खडा बाजूला टाकलेला. १४४ हवेत, भरले १३९. तासाभरात सहा बुड्या व्हायच्या तिथे एक झाली, म्हणून पाच कमी. दुसऱ्या रात्री पुन्हा पाच. त्याला जादू कळायची गरज नाही, वजाबाकी येते.

दुसरा सांधा आखाजीचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेचा. खानदेशात सालदाराचं, म्हणजे वर्षाच्या बोलीवर ठेवलेल्या गड्याचं, साल आखाजी ते आखाजी. त्या दिवशी साल सुटतं, हिशेब होतो आणि माणूस पुढच्या मालकाकडे जायला मोकळा होतो. मालकाने सालदाराला घटीपात्रापुढे कबूल करून घेतलं असेल आणि ‘घटका भरली की साल सुटलं’ असा करार असेल, तर मालकाला फक्त ती एक घटका अडवायची आहे. दारात दुसरा मालक थांबलेला आहे, तो तासभर वाट बघून निघून जातो. मग साल पुन्हा इथेच. पन्नास मिनिटांत एका माणसाचं वर्ष घेतलं. त्याच दिवशी घरोघरी पितरांसाठी पाण्याची घागर भरलेली असते, हे आपण मुद्दाम ओढून आणलेलं वाटू न देता वापरा. घागरीच्या शेजारी वाटी तरंगते आहे, एवढंच दाखवलं तरी पुष्कळ.

लग्नाचा मुहूर्त तिसरा, पण तो लीलावतीचाच असल्याने पुन्हा नको.

वेळेची मापं मिसळू नका. साठ विपळांचं पळ, साठ पळांची घटी, दोन घटींचा मुहूर्त, साठ घटींचं अहोरात्र. पळ म्हणजे चोवीस सेकंद. ‘पळभरात’ लिहिताना हे डोक्यात असावं. जुन्या हिशेबात दिवस सूर्योदयाला सुरू होतो, मध्यरात्री नाही, म्हणून हवालदाराची मोजणी सकाळीच. पंचांगात दिनमान असतं. चाळीसगावच्या अक्षांशावर ते उन्हाळ्यात सुमारे तेहतीस घटी आणि हिवाळ्यात सत्तावीस. तेव्हा पौषात ‘दिवसाच्या तीस घटी’ लिहिलं तर जाणता वाचक पकडेल. थंडीचं पाणी किंचित दाट, वाटी थोडी सावकाश बुडते. हंगामागणिक पुन्हा मोजावी लागते. वाटी उशिरा बुडते याचा संशय पहिल्यांदा थंडीवर जाईल, मग क्षारांवर, मग जागल्यावर, याच क्रमाने.

बोलीबद्दल एकच. पंडित घटीपात्र म्हणेल, फडावरचा माणूस म्हणणार नाही. तो बादलीकडे बघून विचारेल, “घटका भरनी का रे भो?” आणि उशीर झाल्यावर आई म्हणेल, “येळ निंघी गई.” अहिराणी एवढ्या दोन-चार जागीच ठेवा, पण तिथे तिचा अर्थ शेजारी लिहू नका. सावद्या-रावेरकडे कथा नेलीत तर तिथली लेवा गणबोली वेगळी आहे, तिथल्याच माणसाकडून वाचून घ्या.

नववा वापर कोणाच्या हाती द्यायचा हे आधी ठरवा, मग पहिला लिहा. उलटं केलं की मधले दोन-तीन पापुद्रे कुठे गेले याचा हिशेब लागत नाही, आणि या कथेचा वाचक खडे मोजतच बसलेला असतो.